उलटतपासणी नसलेला साक्षीदार

लांब दोरांचा झोपाळा, बसायला लाल मखमल, वर छताला टांगलेली जपानी कागदाची छत्री. मुलगी झोका घेते, पाय वर जातात, छत्रीचा कागद फाटतो. हे वर्णन १९०७ साली न्यूयॉर्कच्या एका कोर्टात साक्षीच्या खुर्चीतून केलं गेलं, आणि काही आठवड्यांतच तो झोपाळा ‘द अनरिटन लॉ’ (म्हणजे ‘अलिखित कायदा’) नावाच्या मूकपटात पडद्यावर हलू लागला. त्याच घरात आरशांची एक खोली होती. झोपाळ्याच्या वेळी निदान एक मैत्रीण तरी सोबत होती, आरशांच्या खोलीत मात्र माणसं दोनच. त्यांतला एक मेला होता, म्हणून तर खटला उभा राहिला होता. दुसरी शपथेवर सांगत होती. मूकपटात आपण ती खोली बघतो. पेल्यात काय मिसळलं जातं, मुलगी कशी कोसळते, हे सगळं समोर बसून बघतो. मग प्रश्न असा छळतो की त्या खोलीत उभा असलेला हा तिसरा कोण? तो आत आला कधी, आणि त्याला शपथ कोणी दिली?

तिसरा म्हणजे अर्थातच कॅमेरा.

प्रकरण असं. २५ जून १९०६ च्या रात्री मॅडिसन स्क्वेअर गार्डनच्या गच्चीवरच्या नाट्यगृहात एका संगीतिकेचा पहिला प्रयोग चालू होता. उन्हाळ्यातही जाड ओव्हरकोट घालून आलेला हॅरी थॉ नावाचा पिट्सबर्गचा धनाढ्य वारस स्टॅनफर्ड व्हाइटच्या टेबलापाशी गेला आणि त्यानं अगदी जवळून तीन गोळ्या झाडल्या. व्हाइट हा त्या काळातला अमेरिकेतला सर्वांत नावाजलेला वास्तुशिल्पी. ज्या इमारतीच्या गच्चीवर तो मेला, ती त्यानंच उभी केलेली. कारण होती एव्हलिन नेस्बिट, थॉची बायको, आधी चित्रकारांची मॉडेल आणि नाटकातली नर्तकी. सोळा वर्षांची असताना व्हाइटनं तिला गुंगीत ठेवून भ्रष्ट केलं आणि आपण पत्नीच्या अब्रूसाठी त्याला मारलं, असा थॉचा बचाव. जानेवारी १९०७ मध्ये खटला सुरू झाला. ७ फेब्रुवारीला एव्हलिन साक्षीला उभी राहिली ती गडद निळ्या साध्या पोशाखात, पांढरी कॉलर लावून, शाळकरी मुलगी दिसावी अशा बेतानं. वर्तमानपत्रांनी तिची साक्ष जवळजवळ शब्दशः छापली. हे असलं छापील साहित्य टपालानं जाऊ देऊ नये का, अशी विचारणा खुद्द राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी केली, इतकी.

त्या साक्षीत कायद्याची एक मेख आहे, आणि मला सगळ्या प्रकरणात तीच सर्वांत महत्त्वाची वाटते. एव्हलिनची कहाणी कोर्टानं ऐकून घेतली ती घडलेल्या गोष्टीचा पुरावा म्हणून नव्हे. ‘हे मी १९०३ साली पॅरिसमध्ये हॅरीला सांगितलं’ एवढ्यापुरतीच ती ग्राह्य होती. ज्यूरीसमोरचा मुद्दा हा की ते ऐकून थॉच्या डोक्यावर काय परिणाम झाला. व्हाइटनं तसं केलं होतं की नव्हतं, हा मुद्दाच नाही. आता याचा परिणाम पाहा. सरकारी वकील विल्यम ट्रॅव्हर्स जेरोम यांचे हात बांधले गेले. कहाणी खोटी आहे असा पुरावा आणायचा म्हटलं, तर बचाव पक्षाचं उत्तर तयार होतं की खरी-खोटी हा विषयच नाही, तिनं ती सांगितली एवढंच खरं. जेरोमनी मग आडवाट धरली. ऑक्टोबर १९०३ मध्ये एका वकिलाच्या कचेरीत केलेलं एव्हलिनचं प्रतिज्ञापत्र त्यांनी पुढे आणलं. त्यात लिहिलं होतं की युरोपच्या प्रवासात थॉनंच तिला चाबकानं मारलं आणि व्हाइटविरुद्ध खोटे आरोप करायला भाग पाडू पाहिलं. एव्हलिननं ते प्रतिज्ञापत्र नाकारलं. म्हणजे कोर्टात एकाच बाईच्या दोन कहाण्या समोरासमोर उभ्या होत्या आणि खरं काय हे ठरवायला कुणालाच सांगितलेलं नव्हतं.

मूकपटाला ही अडचण येत नाही. ‘तिनं त्याला सांगितलं की असं घडलं’ हे वाक्य पडद्यावर मांडताच येत नाही. चित्राला ‘म्हणे’ हा प्रत्यय लावता येत नाही. चित्र आलं की ती गोष्ट घडलीच. पॅरिसमधली सांगोवांगी एका फटक्यात डोळ्यांदेखत घडलेली घटना होते, आणि जेरोमना कोर्टात जी उलटतपासणी अपुरी पडली, ती पडद्यासमोर करणार तरी कोण?

हे काही कुणी कारस्थान करून केलं असं नाही. चित्रपट काढला फिलाडेल्फियाच्या सिग्मंड ल्युबिननं. मूळचा चष्मे विकणारा हा माणूस, जर्मनीतून आलेला, बाजाराची नाडी अचूक ओळखणारा. गाजलेल्या मुष्टियुद्धांची ‘पुनर्निर्मिती’ तो रेल्वेच्या माल वाहणाऱ्या हमालांना मुष्टियोद्धे बनवून करत असे. वर्तमानपत्रात जे खपतं ते पडद्यावर खपणार, एवढा सरळ हिशेब. त्याच्या आधी बायोग्राफ कंपनीनं १९०६ मध्येच गच्चीवरचा खून तेवढा चित्रित करून विकला होता. ल्युबिननं पूर्ण कहाणी घेतली. चित्रकाराचा स्टुडिओ, झोपाळा, आरशांची खोली, गच्ची, तुरुंग, कोर्ट. सगळं एका रिळाच्या आसपास.

एक रीळ म्हणजे काय हे नीट मोजल्याशिवाय या प्रकारच्या चित्रपटाचं व्याकरण कळत नाही. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात १६ चित्रचौकटी बसतात. एक रीळ साधारण १,००० फुटांचं, म्हणजे १६,००० चौकटी. कॅमेरामन हँडल हातानं फिरवायचा. सेकंदाला १६ चौकटी हा वेग धरला तर एक रीळ १६ मिनिटं ४० सेकंद चालतं. प्रोजेक्टर चालवणाऱ्यानं घाई करून २० चा वेग लावला तर तेच १३ मिनिटं २० सेकंदांत संपतं, आणि तो घाई करायचाच, कारण खेळ जितके जास्त तितके पैसे जास्त. आता यात खटला कसा बसवायचा? कोर्टाचं काम म्हणजे बोलणं. नुसतं बोलणं. अडखळत वाचणाऱ्या प्रेक्षकाला एका शब्दाला एक सेकंद दिला, तर २५० शब्दांची छोटीशी साक्षसुद्धा पाट्यांवर लिहून दाखवायला २५० सेकंद लागतात. १६ च्या वेगानं सेकंदाला एक फूट, म्हणजे २५० फूट, पाव रीळ, आणि एवढा वेळ पडद्यावर पांढऱ्या अक्षरांखेरीज काहीच नाही. प्रेक्षक उठून जातील. त्यात १९०७ च्या प्रेक्षकांत नुकते बोटीतून उतरलेले, इंग्रजी न येणारेही खूप. म्हणून बोलणं कापायचं आणि बोलण्यात जे सांगितलं गेलं ते करून दाखवायचं, हा एकच मार्ग उरतो. युक्तिवाद गाळले जातात, शंका गाळल्या जातात, ‘मला नक्की आठवत नाही’ गाळलं जातं. उरतात त्या घटना. कोर्टाचा सेट शेवटी येतो तो निकाल ऐकवण्यापुरता.

आणि कोर्ट दिसतं कसं? त्या काळी कॅमेरा नाट्यगृहातल्या मधल्या खुर्चीसारखा एका जागी, पात्रं डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत. खऱ्या कोर्टात न्यायाधीश उंचावर, साक्षीदार त्याच्या बाजूला, ज्यूरी एका कडेला आणि वकील मध्ये फिरते, अशी रचना असते. प्रत्येकाची नजर वेगळ्या दिशेला, म्हणून तर तिथे ताण निर्माण होतो. एका जागी खिळलेल्या कॅमेऱ्यासमोर हे सगळे एकाच बाजूला तोंड करून बसवावे लागतात. मग कोर्ट न राहता तो समूहफोटो होतो. न्यायाधीश हातोडा आपटतो, ज्यूरीचा प्रमुख उठतो, ओठ हलतात, आरोपीच्या गळ्यात बायको पडते. निकाल काय लागला हे कळायला पाटीची गरजच नाही.

रंगांची गंमत तर निराळीच. त्या वेळची फिल्म निळ्या प्रकाशाला फार संवेदनशील आणि लाल रंगाला जवळजवळ आंधळी. लाल वस्तू पडद्यावर काळी दिसायची, निळी फिकट. म्हणजे ज्या लाल मखमलीनं सगळा देश वेडा झाला होता, ती मखमल तशी रंगवून सेटवर टांगली तर काळ्या घोंगडीसारखी दिसणार. एव्हलिनचा कोर्टातला गडद निळा पोशाख तसाच वापरला तर राखाडी पडणार. आरशांचीही तीच कथा. खरे आरसे लावले तर त्यांत कॅमेरा, हँडल फिरवणारा माणूस आणि वरून येणारा उजेड सगळंच दिसतं. रंगमंचावरची जुनी युक्ती म्हणजे आरशाला साबणाचा हात फिरवून त्याची चकाकी मारायची, किंवा सरळ कापडावर रंगवायचे. म्हणजे ‘जसं घडलं तसं’ म्हणून जे दाखवायचं, त्यातली मखमल लाल दिसत नाही आणि आरशात काही दिसत नाही. तरी लोकांनी ते खरं मानलं, कारण बाकीचे तपशील त्यांनी सकाळच्या पेपरात आधीच वाचलेले होते.

हा चित्रपट मार्च १९०७ मध्ये बाहेर पडला. खटला तेव्हा चालूच होता. पाच सेंटांच्या तिकिटाची छोटी चित्रगृहं, निकलओडियन, नुकती सगळीकडे उगवली होती. त्या लाटेची सुरुवात १९०५ साली पिट्सबर्गच्या स्मिथफील्ड स्ट्रीटवर झाली असं मानतात, म्हणजे थॉच्याच गावात. कुठे पियानो, कुठे पडद्याशेजारी उभं राहून कथा सांगणारा निवेदक. पडद्यावरचा थॉ ‘अलिखित कायद्या’च्या जोरावर सुटायचा, टाळ्या पडायच्या. तिकडे डेल्फिन डेल्मास हे कॅलिफोर्नियाहून आणलेले वकील एप्रिलमध्ये समारोपाचं भाषण करायला उभे राहिले आणि त्यांनी आरोपीच्या आजाराला नाव दिलं ‘डिमेन्शिया अमेरिकाना’. घर पवित्र, बायको पवित्र, आणि ते विटाळणाऱ्याला सोडायचं नाही असं मानणाऱ्या अमेरिकन पुरुषाला होणारं वेड. ज्यूरी ४७ तास बसली. १२ एप्रिलला तिनं सांगितलं की एकमत होत नाही. सात जण दोषी म्हणणारे, पाच निर्दोष म्हणणारे.

पडद्यावर मात्र तो महिनाभर आधीच सुटलेला होता.

ठिकठिकाणी पोलिसांनी हे खेळ थांबवले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये शिकागोनं पोलिसप्रमुखाच्या परवान्याशिवाय चित्रपट दाखवायला बंदी करणारा नियम केला. अमेरिकेतली चित्रपटांची शहरी सेन्सॉरशिप इथून सुरू होते. गंमत अशी की आक्षेप होता तो अश्लीलतेवर, लहान मुलं बघतात यावर. चालू खटल्यातला विवाद्य भाग सिद्ध झाल्यासारखा दाखवला, ही खरी हरकत घेण्याजोगी गोष्ट फारशी कुणाच्या मनात आलेली दिसत नाही.

अब्रूसाठी खून हा बचाव कुठल्याही कायद्याच्या पुस्तकात लिहिलेला नव्हता, म्हणून तर तो ‘अलिखित’. पुस्तकात नसल्यामुळे त्याला कोर्टात मागल्या दारानं यावं लागतं, आणि ते दार बहुधा वेडाचं असतं. २७ फेब्रुवारी १८५९ ला वॉशिंग्टनमध्ये, व्हाइट हाउससमोरच्या चौकात, डॅनियल सिकल्स या काँग्रेसच्या सदस्यानं फिलिप बार्टन की याला गोळ्या घालून मारलं. की हा राजधानीचा सरकारी वकील आणि सिकल्सच्या बायकोचा प्रियकर. बायकोकडून सिकल्सनं आधी लेखी कबुली घेतली होती. तात्पुरतं वेड हा बचाव अमेरिकेत इथे पहिल्यांदा यशस्वी झाला. त्यानंतर शंभर वर्षं आणि दोन महिन्यांनी, २७ एप्रिल १९५९ ला, मुंबईत नौदलातल्या कमांडर नानावटींनी बायकोचा प्रियकर प्रेम आहुजा याच्यावर गोळ्या झाडल्या. मराठी वाचकाला ते प्रकरण पाठ आहे, म्हणून एवढंच नोंदवतो की तिथेही कोर्टातला बचाव अब्रूचा नव्हताच. झटापटीत पिस्तूल सुटलं, हा होता. आहुजाच्या कमरेचा टॉवेल झटापटीतही जागचा हलला नाही, हा सरकार पक्षाचा मुद्दा त्यावरच तर होता. अब्रू होती ती कोर्टाबाहेर, ‘ब्लिट्झ’ साप्ताहिकाच्या रकान्यांत. ज्यूरीनं आठ विरुद्ध एक मतानं निर्दोष म्हटलं ते बाहेरचं ऐकून की आतलं, यावर अजून वाद होतात. उच्च न्यायालयानं तो निकाल फिरवला, आणि सर्वोच्च न्यायालयानं १९६१ मध्ये घड्याळ काढलं. नानावटी घरातून निघाले दुपारी दीडला, गोळ्या झाडल्या चार वाजून वीस मिनिटांनी. एवढ्या वेळात प्रक्षोभ निवतो. (तो भारतातला शेवटचा ज्यूरी खटला होता हे सर्रास सांगितलं जातं. ते खरं नाही, ज्यूरी त्यानंतरही काही वर्षं होत्या.)

घड्याळ हा शब्द लक्षात ठेवू. मूकपटाला ते काढायला बावीस वर्षं लागली.

मधल्या काळात मूकपटानं दुसरी एक वस्तू शोधली. डिसेंबर १९१५ मध्ये आलेला सेसिल बी. डिमिलचा ‘द चीट’. इडिथ हार्डी ही उधळी गृहिणी रेड क्रॉसच्या मदतनिधीतले १०,००० डॉलर शेअरबाजारात घालवते आणि भरपाईसाठी तोरी या श्रीमंत जपान्याकडून तेवढीच रक्कम घेते, शरीराच्या बदल्यात. नवऱ्याला अचानक पैसे मिळतात, ती रक्कम परत करायला जाते. तोरी ऐकत नाही. आपल्या मालकीच्या वस्तूंवर जो तापलेला शिक्का मारतो, तोच तिच्या खांद्यावर उमटवतो. ती त्याच्यावर गोळी झाडते, तो मरत नाही, आळ नवरा स्वतःवर घेतो. खटला. इथे कोर्ट समूहफोटो राहिलेलं नाही. कॅमेरा जवळ गेलाय, चेहरे वेगवेगळे काढलेत, प्रकाश एका बाजूनं येतो आणि अर्धा चेहरा काळोखात राहतो. तोरी झालेला सेसू हायाकावा तर काहीच करत नाही, नुसता बसतो, पापणीसुद्धा हलवत नाही, आणि सगळे गोरे नट त्याच्यापुढे हातवारे करणारे बाहुले वाटू लागतात. ज्यूरी नवऱ्याला दोषी ठरवते. तेव्हा इडिथ धावत पुढे येते आणि खांदा उघडा करून तो डाग दाखवते.

बोलण्याची गरज संपली. डाग हाच पुरावा. त्याला पाटी नको, निवेदक नको. मूक माध्यमासाठी याहून सोयीची साक्ष शोधून सापडणार नाही, आणि म्हणूनच हे दृश्य चमत्कारासारखं काम करतं. पण पुढे काय होतं? कोर्टातले प्रेक्षक खुर्च्या सोडून तोरीच्या अंगावर धावून जातात, ठेचायला. न्यायाधीश निकाल रद्द करतो, आरोप मागे घेतला जातो, नवरा-बायको गर्दीतून मिरवत बाहेर पडतात. चित्रपट या झुंडीकडे कौतुकानं बघतो. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये जॉर्जियात लिओ फ्रँक या ज्यू कारखाना-व्यवस्थापकाला झुंडीनं तुरुंगातून ओढून काढून फासावर लटकवलं होतं. कॅलिफोर्नियात १९१३ च्या कायद्यानं जपान्यांना शेतजमीन विकत घ्यायला मनाई झालेली होती. म्हणजे त्या उघड्या खांद्यावर तेव्हाच्या गोऱ्या प्रेक्षकानं काय वाचलं असेल हे वेगळं सांगायला नको. अब्रू हा शब्द इथे एका बाईपुरता उरत नाही. ती वंशाची मालमत्ता होते, आणि गंमत म्हणजे मालकीचा शिक्का मारल्याबद्दल ज्याला दंड होतो त्याच्यावर धावून जाणारेही मालकीच्याच भाषेत बोलत असतात. लॉस एंजेलिसच्या जपानी समाजानं निषेध केला. १९१८ मध्ये चित्रपट पुन्हा काढला तेव्हा पाट्या बदलून तोरीला हाका अराकाऊ नावाचा ब्रह्मी हस्तिदंत-व्यापारी केलं, कारण जपान तोवर महायुद्धातला दोस्त होता. चेहरा तोच, अभिनय तोच, दोन-चार पाट्या कापून नव्या चिकटवल्या की आरोपीचा देश बदलतो. मूकपटातलं सत्य किती फुटांचं असतं ते यावरून कळावं.

‘द चीट’ मला थोर वाटतो आणि बघवत नाही.

‘शिकागो’ (१९२७) वर फार रेंगाळायचं कारण नाही. १९२४ च्या एका खऱ्या खटल्यावर मॉरीन वॉटकिन्स या बातमीदार बाईनं नाटक लिहिलं, त्याचा हा मूकपट. प्रियकराला मारणाऱ्या रॉक्सीला वकील शिकवतो की कोर्टात कधी मान खाली घालायची, कुठे हुंदका द्यायचा. अब्रूचा बचाव म्हणजे तालीम केलेला प्रवेश, हे पडद्यानं प्रथमच मोकळेपणी कबूल केलं. पण तिथेही खून आपण आधी पाहिलेला असतो. खोटं बोलतात ती माणसं. कॅमेरा अजून सोवळ्यातच.

त्याचं सोवळं सोडवलं झाक फेदर या बेल्जियन दिग्दर्शकानं, ‘द किस’मध्ये. नोव्हेंबर १९२९. मेट्रो-गोल्डविन-मेयरचा हा शेवटचा मूकपट, ग्रेटा गार्बोचाही शेवटचा मूकपट. फिल्मही आता बदललेली. लाल, निळा, पिवळा सगळे रंग आपापल्या छटेत उमटवणारी पॅनक्रोमॅटिक. विल्यम डॅनियल्सच्या कॅमेऱ्यात गार्बोच्या चेहऱ्याच्या दहा राखाडी छटा दिसतात, त्या १९०७ च्या फिल्मवर शक्यच नव्हत्या. फ्रान्समधलं लियाँ गाव, रेशमाचा व्यापारी गारी, त्याची बायको इरेन. एका व्यापारी मित्राचा कॉलेजकुमार मुलगा तिच्यावर भाळलेला. निरोपाचं म्हणून ती त्याला एक चुंबन देते, तो दुसरं चोरतो, नवरा बघतो. तो मुलाला मारत मारत आपल्या खोलीत नेतो, इरेन मागे धावते. आणि दार बंद होतं.

कॅमेरा बाहेरच राहतो. बंद दाराकडे बघत.

बावीस वर्षांपूर्वी हाच कॅमेरा आरशांच्या खोलीत न विचारता घुसला होता. आता गोळी सुटते तेव्हा आपण व्हरांड्यातल्या नोकरासारखे बाहेर उभे. नंतर तपास-अधिकारी इरेनला विचारतात, तेव्हा काय झालं, किती वाजले होते. ती सांगू लागते आणि पडद्यावर ते दिसू लागतं. पण ती अडखळते, वेळ बदलून सांगते, तशी पडद्यावरच्या घड्याळाचे काटे मागे-पुढे सरकतात. खिडकी उघडी होती की बंद? खिडकी उघडते, बंद होते. या दृश्याची तांत्रिक कृती अगदी साधी आहे. सेटवर कॅमेरा जागचा न हलवता घड्याळाचे काटे फिरवायचे आणि तुकडे जोडायचे, एवढंच. पण मूकपटाच्या सगळ्या इतिहासात पडद्यावरचं चित्र पहिल्यांदा ‘म्हणे’ म्हणतं असं मला हे वाटतं. सांगणारी खोटं बोलतेय, आणि चित्र तिच्या खोट्याच्या मागे फरफटत जातंय. आरशांच्या खोलीला जो प्रश्न कुणी विचारला नाही, तो इथे काट्यांच्या सरकण्यातून विचारला जातो.

पुढे कोर्टात जे होतं ते त्याहून तिरकस. इरेनचा प्रियकर आन्द्रे हाच तिचा वकील. तो बचाव उभा करतो आत्महत्येचा. गारीचं दिवाळं निघायच्या बेतात होतं हे सिद्ध करतो. ती सुटते. सुटल्यावर ती त्याला खरं सांगते, आणि आता दार उघडतं. मुलाचा जीव जाईल या भीतीनं गोळी तिनंच झाडली होती. म्हणजे तिच्याकडे खरा बचाव होता. एका निरपराध पोराला वाचवलं, असं सरळ सांगता आलं असतं. ते ती कोर्टाला सांगत नाही, कारण ते सांगायचं तर चुंबन सांगावं लागतं, आणि चुंबन ऐकलं की बारा पुरुषांची ज्यूरी बाकी काही ऐकणार नाही. थॉला जे वाक्य वाचवणार होतं, तेच वाक्य तिला बुडवणार होतं. अब्रूचा बचाव ज्याच्या हातात पिस्तूल आणि ज्याच्या नावावर बायको, त्याच्यासाठी शिवलेला अंगरखा आहे. इरेनच्या मापाचा तो नाहीच.

त्याच वर्षी त्याच कंपनीनं ‘द ट्रायल ऑफ मेरी ड्यूगन’ हा खुनाच्या खटल्याचा बोलपट काढला. मायक्रोफोन हातात आल्याबरोबर सगळे कोर्टाकडे धावले ते साहजिकच होतं. इतकी वर्षं गाळलेलं बोलणं एकदम भरून काढायचं होतं. साक्षीदार बोलू लागले, वकील गरजू लागले, आणि कॅमेरा पुन्हा एका जागी खिळला, कारण त्याची घरघर ध्वनिमुद्रणात येऊ नये म्हणून त्याला काचेच्या खोलीत कोंडावं लागे. घड्याळाचे काटे सरकवणाऱ्या त्या युक्तीचा धागा बराच काळ कुणी पुढे नेला नाही.

राहता राहिली खरी माणसं. थॉचा दुसरा खटला जानेवारी १९०८ मध्ये झाला. वेडामुळे निर्दोष असा निकाल लागून त्याची रवानगी मॅटावान इथल्या वेड्यांच्या इस्पितळात झाली. १९१३ मध्ये तो तिथून पळून कॅनडात गेला, परत आणला गेला, १९१५ मध्ये मोकळा झाला. दोन वर्षं होत नाहीत तोच एका अल्पवयीन मुलाला पळवून चाबकानं मारल्याचा आरोप त्याच्यावर आला आणि तो पुन्हा वेडा ठरला, १९२४ पर्यंत. म्हणजे जेरोमनी वाचून दाखवलेल्या प्रतिज्ञापत्रातला चाबूक काल्पनिक नसावा. एव्हलिनला कुटुंबानं झटकून टाकलं. १९१४ मध्ये तिनं आपल्या लहानग्या मुलाला घेऊन चित्रपटात काम केलं, निर्माता सिग्मंड ल्युबिन. सात वर्षांपूर्वी त्यानं तिची भूमिका दुसरीला देऊन पैसे कमावले होते. आता तिचं नाव जाहिरातीत टाकून कमावले, आणि निदान तिला पगार तरी मिळाला. थॉ १९४७ मध्ये वारला. मृत्युपत्रात त्यानं एव्हलिनच्या नावे १०,००० डॉलर ठेवले होते. इडिथ हार्डीनं तोरीकडून घेतले होते तेवढेच.